निवाडमणी आणि हरवलेली तिन्हीसांज

एका राज्यात शाल्मली नावाची राणी होती. तिच्या राज्यात सात डोंगर होते, एक नदी होती, एक मोठं तळं होतं. तळ्याला दगडी बांध होता आणि बांधाखाली विणकरांचं गाव होतं. राणी गादीवर बसली तेव्हा जेमतेम एकोणीस वर्षांची होती. तिचा बाप, राजा वज्रसेन, गरुडखिंडीच्या लढाईत पडला, आणि त्याच्या चितेची राख निवायच्या आत लेकीच्या कपाळी राजतिलक लागला.

आई तिच्या जन्माच्या वेळीच गेलेली. दूध पाजून वाढवलं ते दाई कान्हाईनं, आणि हातात तलवार दिली ती सेनापती हैबतानं. राणीला जगात दोनच माणसं आपली म्हणावीत अशी होती, ती ही.

लढाईनंतर दहाव्या दिवशी हैबत परतला. अंगावर जखम नव्हती आणि पाठीला ढाल नव्हती. एक शिपाई म्हणाला, मी सेनापतींना पळताना डोळ्यांनी पाहिलं. दुसरा म्हणाला, मी तर ऐकलं की त्यांनी पुरातून गावंच्या गावं वाचवली. राणीनं भर दरबारात विचारलं, पळालात का? हैबतानं मान खाली घातली, ती वर केली नाही.

सात दिवस राणीच्या घशाखाली घास उतरला नाही. ज्या हातानं आपली मूठ तलवारीवर नीट बसवली, तो हात ढाल टाकून पळेल कसा? आणि पळाला असेल, तर तो हात आपल्या गुरूचा कसा? दोन्ही गोष्टी एका माणसात मावेनात. तिला वाटे, कोणीतरी यावं आणि एकच काय ते सांगून टाकावं.

आठव्या दिवशी तिन्हीसांजेला करालक आला. तो मांत्रिक होता. त्याच्या अंगाला सावली नव्हती आणि बोलण्याला वास होता, विझलेल्या वातीसारखा. त्यानं राणीपुढे कवडीएवढा एक मणी ठेवला.

"हा निवाडमणी," करालक म्हणाला. "मुठीत धर आणि विचार, अमका माणूस चांगला की वाईट. चांगला असेल तर मणी पांढरा होईल, वाईट असेल तर काळा. तिसरं त्याला येत नाही."

राणीनं मोल विचारलं. करालक म्हणाला, "दिवस तुझा, रात्र तुझी. मधली पहाट आणि मधली तिन्हीसांज तेवढी माझी. दर निवाड्याला त्यातलं चिमूटभर नेईन."

धड ना उजेड, धड ना अंधार, त्याचं काय करायचं आहे, असं राणीला वाटलं. तिनं वचन दिलं, मणी मुठीत धरला, हैबताचं नाव घेतलं. मणी काळा झाला.

त्याच आठवड्यात हैबत नदीपार घालवला गेला. आणि नवल असं, की राणीला त्या दिवशी भूक लागली. ती पोटभर जेवली, शांत झोपली. कोडं सुटलं होतं.

पुढे राज्याचा कायदाच झाला. मणी ज्याला काळा म्हणेल त्यानं नदीपार जायचं, मागे त्याचं नाव कोणी घ्यायचं नाही. मणी ज्याला पांढरा म्हणेल त्याच्या दाराला चुन्याचा पट्टा ओढायचा. पूर्वी ज्या तंट्याला महिना लागे तो आता एका श्वासात मिटू लागला. राणी न्यायी म्हणून गाजली. एका कुंभारानं एकदा कच्चं मडकं पक्कं म्हणून विकलं, तो गेला. एक सुईण एकदा उशिरा पोचली, ती गेली. बांधाची राखण करणारा माणूस एका सणाला दारू प्यायला, तोही गेला. चुन्याच्या पट्ट्याची माणसं मागे राहिली, पण ती हळूहळू बोलेनाशी झाली. हातून काही चुकलं तर पट्टा पुसला जाईल, या धाकानं त्यांनी हात हलवणंच सोडलं. दाई कान्हाईच्या दारालाही पट्टा होता.

आणि तिन्हीसांज आटत गेली. आधी वीतभर कमी झाली, मग हातभर. बारा वर्षांनी ती उरलीच नाही. सूर्य डोंगराआड जाई आणि झाकण पडावं तसा अंधार पडे. पहाटेचंही तेच झालं. गुरांना घरी फिरायची वेळ कळेना. सांजेला उमलणारी गुलबक्षी मिटलेलीच वाळू लागली. नावाडी भर प्रवाहात आंधळे होत. लोक म्हणत, राज्याला शाप लागला आहे. कोणाचा, ते कोणी म्हणत नसे.

बाराव्या वर्षी पाऊस फार झाला. तळं तुडुंब भरलं. बांधाची नस जाणणारा माणूस नदीपार होता, म्हणून राणीनं आपल्याच अदमासानं हुकूम दिला की सगळ्या मोऱ्या एकदम उघडा. मोऱ्या उघडल्या. लोंढ्यानं बांधही खचला आणि पाणी विणकरांच्या गावात शिरलं. अकरा घरं वाहून गेली आणि घरातल्या म्हाताऱ्या आईला काढताना केशव विणकर बुडून मेला.

चौथ्या दिवशी केशवाची बायको बायजा दरबारात आली. तिच्या लुगड्याला अजून गाळ होता. ती रडली नाही.

"राणीसाहेब," बायजा म्हणाली, "तो मणी फक्त आमच्यासाठीच आहे का?"

अमात्य पुढे झाला, म्हणाला की राजाला कायदा लागत नसतो. राणीनं त्याला हातानं थांबवलं. तिनं मणी मुठीत घेतला, सगळ्यांना ऐकू जाईल असं स्वतःचं नाव घेतलं आणि मूठ उघडली.

मणी काळा झाला होता.

शाल्मलीनं मुकुट काढून गादीवर ठेवला. पायातले जोडे काढले. अमात्य म्हणाला, मणी चुकला असेल, उद्या पुन्हा विचारू. ती म्हणाली, "चारशे माणसं मी याच मण्यावर घालवली. त्यांना उद्या मिळाला नव्हता." मग ती अनवाणी चालत वेशीबाहेर पडली. तिला अडवायचा कोणाला धीर झाला नाही. ज्यांनी तिला त्या दिवशी जाताना पाहिलं, ते पुढे नातवंडांना सांगत की राणी अशी चालली होती, जशी माणसं गादीवर बसायला चालतात.

नदीवर पोचली तेव्हा मागे पावलं वाजली. कान्हाई आली होती, डोक्यावर पिठाचं गाठोडं घेऊन. राणीनं तिला परत जा म्हटलं. कान्हाई म्हणाली, माझ्यानं आता त्या पट्ट्यामागे राहवत नाही. एवढंच म्हणून ती पाण्याकडे चालू लागली.

काठावरच्या उंबरावर एक धनेश पक्षी बसला होता. त्याची चोच कोयत्याएवढी होती आणि वय कोणाला ठाऊक नव्हतं.

"राणी," धनेश म्हणाला, "मणी टाकून का देत नाहीस?"

राणीनं मणी नदीत फेकला. तो फिरून तिच्या मुठीत आला. दुसऱ्यांदा फेकला, दुसऱ्यांदा आला.

"तो फेकून जात नाही," धनेश म्हणाला. "तीन कामं आहेत. नदीपार हैबत आहे, त्याची गोष्ट अथपासून इतिपर्यंत ऐक. ऐकताना मणी मुठीत धरायचा नाही. धरलास तर तो आणखी बारा वर्षं चिकटेल. मग तुझ्या सोबतिणीची गोष्ट ऐक, आणि ऐकल्यावर तिच्या हातचं खा. शेवटी करालकाच्या गुहेत जा. तो एक प्रश्न विचारेल. त्याला एका शब्दात उत्तर देऊ नकोस. ज्यांनी दिलं, ते त्याच्या दारात दगड होऊन उभे आहेत."

राणीला हसू आलं. ऐकणं, खाणं, बोलणं, ही काय कामं झाली? धनेशानं पंख झटकले आणि तो उडून गेला.

नदीपार एक गाव वसलं होतं. कच्च्या मडक्याचा कुंभार तिथे पक्की मडकी भाजत होता. उशिरा पोचलेल्या सुइणीनं तिथे पन्नास बाळंतपणं केली होती. पण त्या माणसांच्याही वागण्यात विष भिनलं होतं. राणीच्या काठावर एकही चांगला माणूस नाही, असं ती आपसात म्हणत. राणी दिसताच त्यांनी दारं लावून घेतली.

हैबत काठावर नावेला डांबर लावत होता. केस पांढरे झाले होते, खांदे तेच होते. राणी त्याच्यासमोर वाळूत बसली. म्हणाली, "वस्ताद, खिंडीत काय झालं ते सांगा. बारा वर्षांपूर्वी मी नीट विचारलं नाही."

हैबतानं कुंचा खाली ठेवला. "मी पळालो," तो म्हणाला.

राणीची मूठ आपोआप कमरेकडे गेली. मणी तिथे खोचलेला होता. तो उबदार झाला होता, बोलावत होता. तिच्या ध्यानात आलं, की गोष्ट जराशी बोचली की आपला हात तिकडे जातो. कोण्या माणसाकडे नव्हे, मण्याकडे. बारा वर्षांत हे तिनं प्रथमच पाहिलं. तिनं नावेचा काथ्याचा दोर दोन्ही हातांनी घट्ट धरला.

हैबत सांगत राहिला. राजा त्याच्या डोळ्यांसमोर पडला. ढाल जड झाली, ती त्यानं टाकली. मागे न बघता तो उतारानं धावत सुटला. आपण कोण, सेनापती की कोण, काही आठवत नव्हतं. दोराचे तंतू राणीच्या तळहातात रुतले. उताराखाली वेळूगाव होतं, हैबत म्हणाला. नदी फुगलेली, मागून शत्रू येतो आहे, आणि गाव काठावर उभं. त्यांच्यामधून पळून जाणं त्याला जमलं नाही. का जमलं नाही, ते तो आजही सांगू शकत नव्हता. त्यानं दोर बांधले आणि दोन दिवस पाण्यात उभं राहून तीनशे माणसं पलीकडे काढली.

"मग तुम्ही त्या दिवशी दरबारात बोलला का नाहीत?"

"तू 'पळालात का' म्हणून विचारलंस. पळालो होतो."

राणीच्या हातातून रक्त येत होतं. दोर तिनं सोडला नव्हता. मणी कमरेला होता तिथेच होता. पळपुटा की शूर, हा प्रश्न तिच्या जिभेवर आला होता, तो तिनं तसाच गिळला आणि हैबताला विचारलं, पाणी किती थंड होतं. हैबत बारा वर्षांत पहिल्यांदा हसला. म्हणाला, फार.

पहिलं काम झालं. दुसऱ्याला जागा बदलावी लागली नाही. कान्हाई तिथेच तीन दगडांची चूल मांडून भाकरी थापत होती. हैबताचं बोलणं संपलं तशी ती थांबली. पीठ लागलेले हात मांडीवर ठेवून म्हणाली, "बाळे, हे मला तेव्हाच ठाऊक होतं."

राजा पडल्यावर पाचव्या दिवशी वेळूगावची एक बाई राजवाड्याच्या दाराशी आली होती. सेनापतींनी आम्हाला काढलं, हे राणीला सांगायचं आहे, म्हणाली. शाल्मली तेव्हा तापानं फणफणलेली. कान्हाईनं त्या बाईला दारातूनच परत लावलं. पोरीला आणखी त्रास नको, इतकंच तेव्हा मनात होतं. पुढे हैबतावर मणी काळा झाला आणि कान्हाईवर पांढरा. मग आज सांगू, उद्या सांगू करता करता पट्टा पुसला जाण्याची भीती वाढत गेली, आणि बारा वर्षं गेली.

त्या क्षणी राणीच्या मनात कान्हाई पूर्ण काळी झाली. अंगाई खोटी ठरली, तापात कपाळावर ठेवलेल्या पट्ट्या खोट्या ठरल्या. हे सगळं एका श्वासात झालं. आणि त्याच श्वासात राणीनं ते होताना पाहिलं. मणी तिनं हातात घेतला नव्हता, तरी आत निवाडा झाला होता. मण्याला दोष देऊन भागणार नव्हतं. ही खोड तिची स्वतःची होती, मणी यायच्या आधीपासूनची.

ती उठून पाण्याच्या कडेला गेली, बराच वेळ तळहातांवरचं रक्त धूत राहिली. परत आली तेव्हा भाकरी एका बाजूनं करपली होती.

"कान्हाई," ती म्हणाली, "मी रागावले आहे. आणखी पुष्कळ दिवस रागावलेली राहीन. भाकरी वाढ."

कान्हाईनं वाढली. राणीनं खाल्ली. करपलेल्या बाजूसकट शेवटपर्यंत खाल्ली. हैबत बघत होता. तलवारीचे सगळे हात त्यानं तिला शिकवले होते, पण हा हात त्यानं शिकवलेला नव्हता, आणि त्याचा ऊर अभिमानानं भरून आला.

दुसऱ्या दिवशी उजाडल्यावर राणी एकटीच करालकाच्या डोंगरावर चढली. गुहेच्या दारात राजे उभे होते, पाषाणाचे. कोणाची मान ताठ, कोणाची खाली. ज्यांनी "चांगला" म्हटलं होतं ते ताठ होते, ज्यांनी "वाईट" म्हटलं होतं ते वाकलेले. दगड मात्र सगळ्यांचा एकच होता.

आत करालक एका लोखंडी पेटीवर बसला होता. पेटीच्या फटीतून केशरी आणि जांभळा उजेड गळत होता. मांत्रिकांच्या सिद्धी संधिकाळातच फळतात, आणि राज्याचा सगळा संधिकाळ त्या पेटीत होता.

"आलीस," करालक म्हणाला. "मणी हातात धर आणि सांग. तू चांगली राणी की वाईट?"

राणीनं मणी तळहातावर ठेवला आणि बोलायला लागली. पहिल्या वर्षी तिनं डोंगरवाट बांधली, त्या वाटेनं दुष्काळात धान्य आलं. मणी पांढरा होऊ लागला. त्याच वर्षी हैबताचं न ऐकता त्याला घालवलं. मणी काळवंडला. तिसऱ्या वर्षी तापाची साथ आली तेव्हा ती स्वतः घरोघर फिरली. पाचव्या वर्षी सुईण रडत होती आणि तिनं डोळे वर करून पाहिलं नाही. तिनं नदीपार धाडलेल्यांची नावं घेतली, चारशेच्या चारशे. कायद्यानं जी बोलायची नव्हती, ती सगळी तिला पाठ होती, हे तिचं तिलाही ठाऊक नव्हतं. तिनं केशव विणकराचं नाव घेतलं आणि वाहून गेलेल्या अकराही घरांची नावं घेतली. मणी पांढरा होई, काळा होई, पुन्हा पांढरा होई. तिच्या पायांना गारठा चढला, घोट्यांपर्यंत दगड झाला. ती बोलत राहिली.

"पुरे," करालक म्हणाला. "बेरीज सांग. शेवटी चांगली की वाईट?"

"शेवट अजून झालेला नाही," राणी म्हणाली. "उद्या मला बांध बांधायचा आहे. वाट सोड."

मणी थरथरला. त्याला दोनच रंग येत होते आणि दोन्ही एकाच वेळी मागितले जात होते. तो तडकला आणि त्याचं पीठ राणीच्या बोटांतून खाली सांडलं. तिच्या पायांतला दगड उतरला. पेटीचं झाकण आपोआप उघडलं, आणि करालक, ज्याला सावली नव्हती, त्या बाहेर पडलेल्या उजेडात विरघळून गेला. दारातल्या पाषाणाच्या राजांनी एकदम श्वास सोडला. आपापली राज्यं शोधायला ते डोंगर उतरून गेले.

त्या दिवशी सूर्य मावळला, पण अंधार पडला नाही. बारा वर्षांची तिन्हीसांज एकदम सुटली होती. ती नऊ दिवस टिकली, मग पहाटही परतली. गुरं नऊ दिवस रमतगमत घरी येत होती. गुलबक्षीनं तर रानंच्या रानं भरून टाकली. नदीच्या दोन्ही काठांवरची माणसं बाहेर येऊन उभी राहिली, आणि त्या मऊ उजेडात कोण कुठल्या काठाचं ते लांबून ओळखू येईना. पहिली नाव हैबतानं सोडली.

राणी परतली ती वेशीवरच थांबली. म्हणाली, गादी मी सोडली आहे, आत यायचं की नाही ते बायजा सांगेल. बायजाला बोलावलं. ती आली, राणीकडे पाहत राहिली.

"माझा माणूस परत येणार नाही," बायजा म्हणाली. "मी तुम्हाला माफ केलेलं नाही. आणि बांध तुमच्याशिवाय होणार नाही, तेही मला दिसतं आहे. गादीवर बसा. कामाला लागा."

राणीनं तिला वाकून नमस्कार केला आणि कामाला लागली. बांधाचा राखणदार परत आला, त्यानं मोऱ्यांची नस दाखवली. दारांवरचे चुन्याचे पट्टे पावसानं धुऊन नेले, पुन्हा कोणी ओढले नाहीत. दरबारात निवाड्यांना पुन्हा महिना महिना लागू लागला. ज्यानं चोरी केली त्याला चोरीची शिक्षा होई, आणि ती भोगून झाली की तो पुन्हा त्याच्या बापानं ठेवलेल्या नावानं ओळखला जाई. राणीला ही सवय एकदम लागली नाही. कित्येकदा तिचा हात कमरेकडे जाई, तिथे काही नसे, मग ती समोरच्याला म्हणे, पुढे सांग.

तिसऱ्या वर्षी नवा बांध पुरा झाला. राणीनं हुकूम दिला की त्याच्या माथ्यावर हैबताच्या नावाची शिळा बसवावी. पाथरवट मजकूर विचारायला आला. राणीनं सांगितलं, "हैबत गरुडखिंडीतून पळाला. हैबतानं वेळूगावची तीनशे माणसं वाचवली."

पाथरवट घोटाळला. म्हणाला, सरकार, पहिली ओळ कशाला? आणि ठेवायचीच तर दोन्हींच्या मध्ये 'पण' घालू का?

राणीनं थोडा विचार केला. म्हणाली, "'आणि' घाल."

शिळा बसली. म्हातारा हैबत रोज काठी टेकत बांधावर जाई. परगावचं कोणी भेटलं की त्याला हाताला धरून शिळेपाशी नेई आणि अक्षरांवरून बोट फिरवत मोठ्यानं वाचून दाखवी, मान वर करून, पहिल्या ओळीपासून.